धौलीचा शिलालेख आणि लोकसेवकाचा नीतिविचार

(तालुका पातळीवरील अधिकारी, शिक्षक व ग्रामपंचायत सदस्य यांच्या संयुक्त प्रशिक्षण वर्गात एका माहिती अधिकाऱ्यांनी दिलेल्या व्याख्यानाचा संपादित मजकूर)



“नीतिविचार आणि व्यवहार” हा विषय मला देताना संयोजकांनी एक सूचना आवर्जून केली होती : तत्त्वज्ञान थोडे असू द्या, व्यवहार अधिक असू द्या. सूचना रास्त होती. भोजनोत्तर सत्रात तत्त्वज्ञानाचा मारा करणे हेही नीतीला धरून नाही.

नीतिमत्तेचा विषय निघाला की महाराष्ट्रात रामशास्त्री प्रभुणे यांचे नाव येते, आणि ते यावयासच हवे. ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाला. त्या कटात ज्यांचा हात होता ते राघोबादादाच पुढे पेशवेपदावर बसले, आणि त्यांनाच रामशास्त्र्यांनी दोषी ठरविले. सत्तेपुढे न वाकणाऱ्या न्यायबुद्धीचे याहून लखलखीत उदाहरण आपल्या इतिहासात शोधूनही सापडणे कठीण. परंतु मला एक विचारावयाचे आहे. तीस-पस्तीस वर्षांच्या सेवेत असा प्रसंग आपल्यापैकी कितीजणांवर येतो? बहुतेकांवर तो कधीच येत नाही. येतो तो निराळाच प्रसंग, आणि तो रोज येतो. सकाळी कार्यालय उघडते, दारात माणसे उभी असतात, टेबलावर कागद साचलेले असतात, दूरध्वनी वाजत असतो, दुपारी आढावा बैठक असते आणि तिची माहिती अद्याप तयार नसते. याच गर्दीत एक वृद्ध विधवा संजय गांधी निराधार अनुदान योजनेचा अर्ज घेऊन पुढे येते. त्या अर्जावर “कागदपत्रे अपूर्ण” असे दोन शब्द पडतात आणि ती परत जाते.

येथे कोणी लाच मागितलेली नाही. कोणी कायदा मोडलेला नाही. कागदपत्रे खरोखरच अपूर्ण असतील. पण कोणते कागदपत्र कमी आहे, ते कोठे मिळेल, त्यासाठी किती दिवस लागतील, हे त्या दोन शब्दांत नाही. ती बाई वाटखर्च करून पुन्हा येईल आणि पुन्हा दुसरेच काही कमी निघेल. तिच्यावर अन्याय झाला हे उघड आहे, परंतु अन्याय करणारा शोधू गेल्यास तो सापडत नाही. आजच्या व्याख्यानाचा विषय रामशास्त्र्यांचा प्रसंग नसून हा दुसरा प्रसंग आहे, आणि त्यासाठी मी आपणांस सुमारे सव्वादोन हजार वर्षे मागे नेणार आहे.

ओडिशात भुवनेश्वरजवळ दया नदीच्या काठी धौली नावाची टेकडी आहे. तेथील खडकावर सम्राट अशोकाचे लेख कोरलेले आहेत आणि त्यांच्या वरच्या अंगाला, खडकातून नुकताच बाहेर पडत असावा असा, एका हत्तीचा पुढचा भाग कोरलेला आहे. हा कलिंगाचा प्रदेश. राज्याभिषेकाला आठ वर्षे झाल्यावर अशोकाने तो जिंकला. त्या युद्धात एक लाख माणसे मारली गेली आणि दीड लाख माणसे देशोधडीला लावली गेली, असे त्याने स्वतःच आपल्या तेराव्या शिलालेखात नमूद केले आहे. मौज अशी की हा तेरावा लेख धौलीला नाही. ज्यांची माणसे मारली गेली त्यांच्याच भूमीवर तो आकडा कोरणे अशोकाला प्रशस्त वाटले नसावे, असा तर्क अभ्यासकांनी केला आहे. अकरा, बारा आणि तेरा या क्रमांकांचे लेख तेथे गाळले असून त्यांच्या जागी दोन स्वतंत्र लेख घातले आहेत. त्यांपैकी पहिला तोसलीच्या महामात्रांना, म्हणजे नगराचा न्यायनिवाडा पाहणाऱ्या अधिकाऱ्यांना उद्देशून आहे. आजच्या भाषेत बोलावयाचे तर ते एक शासकीय परिपत्रकच होय. लिपी ब्राह्मी, भाषा प्राकृत. जेम्स प्रिन्सेप यांनी १८३७-३८ च्या सुमारास ही लिपी उलगडली आणि शेकडो वर्षे मुका असलेला खडक बोलू लागला.

या लेखाचा आशय मी माझ्या शब्दांत सांगतो. आरंभी राजा अधिकाऱ्यांना स्मरण देतो की हजारो जीव तुमच्या हाती सोपविलेले आहेत. सर्व माणसे ही माझी अपत्ये आहेत, आणि अपत्यांसाठी जे इच्छावे तेच मी सर्वांसाठी इच्छितो. मग तो एक खोचक वाक्य टाकतो : माझा हा हेतू कोठवर जातो हे तुम्हांला पुरते उमगलेले नाही, एखाद्याला उमगले असेल, तर तेही अर्धवट. परिपत्रके काढणाऱ्या वरिष्ठांची ही तक्रार किती जुनी आहे पाहा! त्यानंतर लेख मूळ मुद्द्यावर येतो. एखाद्या माणसाला अकारण बंदिवास किंवा छळ सोसावा लागतो आणि त्याच्यापायी इतर अनेकजण दुःख भोगतात. असे होऊ नये म्हणून अधिकाऱ्याने समतोल राखावा. हा समतोल ज्या दोषांमुळे ढळतो ते दोष पुढे एकापाठोपाठ एक सांगितले आहेत. ईर्ष्या, शीघ्रकोप, निष्ठुरता, त्वरा, अनावृत्ती, आलस्य आणि थकवा असे ते सात दोष. हे आपल्या ठायी नसावेत अशी इच्छा धरा, आणि या सर्वांचे मूळ चटकन न रागावणे व घाई न करणे यांत आहे, असे राजा सांगतो.

ही यादी पहिल्यांदा वाचली तेव्हा मी चमकलो तो तिच्यात काय नाही हे पाहून. तिच्यात लोभ नाही. लाचेचा उल्लेख नाही, अफरातफरीचा नाही. मौर्यकाळाला हा विषय अपरिचित होता असे कोणी समजू नये. कौटिल्याच्या नावावर असलेल्या अर्थशास्त्रात राजद्रव्याच्या अपहाराचे चाळीस प्रकार मोजून दिले आहेत. पाण्यातला मासा पाणी केव्हा पितो हे जसे कळत नाही, तसे द्रव्यावर नेमलेला अधिकारी ते केव्हा खातो हेही कळत नाही, अशी उपमा त्याच ग्रंथातली आहे. तेव्हा अशोकाला लोभ ठाऊक नव्हता असे नव्हे. लोभी अधिकाऱ्यासाठी हिशेब तपासणी आणि शिक्षा आहे. हा लेख त्याच्यासाठी नाहीच. ज्याने एक पैसाही घेतलेला नाही, ज्याचा हेतू वाईट नाही, आणि तरीही ज्याच्या टेबलावरून माणसे दुःखी होऊन परततात, अशा अधिकाऱ्यासाठी हा लेख आहे. आपण सचोटीचे आहोत एवढ्यावर नीतीचा प्रश्न सुटला असे मानणाऱ्यांना तो अस्वस्थ करतो. मला स्वतःला त्याचे मोल वाटते ते याच कारणासाठी.

सातही दोषांचा सारखाच विस्तार करणार नाही. ईर्ष्येविषयी ग्रामपंचायतीच्या सदस्यांना मी काय सांगावे? घरकुलाच्या यादीत नाव असावे की नसावे हे ठरताना घराच्या भिंती पाहिल्या जातात की मागच्या निवडणुकीतले पॅनेल, हे गावात सर्वांना ठाऊक असते. भाऊबंदकी हे ईर्ष्येचे आपल्या मातीतले नाव. निष्ठुरता आणि आलस्य यांबद्दलही अधिक बोलण्याची गरज नाही. हे दोष ओळखता येतात, लोक त्यांविरुद्ध बोलतात, वर्तमानपत्रे लिहितात. अवघड असतात ते गुणाचे कपडे घालून येणारे दोष. त्यांत पहिला मान त्वरेचा.

आपल्या घाटरस्त्यांवर सार्वजनिक बांधकाम खात्याने लावलेली “अति घाई, संकटात नेई” ही पाटी आपण सर्वांनी पाहिली आहे. कार्यालयात मात्र आपण घाईला कार्यक्षमता म्हणतो. आमच्या प्रसिद्धिपत्रकांचा तर “युद्धपातळीवर” हा लाडका शब्द आहे. युद्धपातळीवर शौचालये, युद्धपातळीवर पंचनामे. घाई माणसाचे काय करते याचा एक प्रयोग अमेरिकेत झाला, तो सांगण्यासारखा आहे. १९७३ साली जॉन डार्ली आणि डॅनियल बॅट्सन या दोन मानसशास्त्रज्ञांनी तो प्रसिद्ध केला. प्रिन्स्टन येथील धर्मशिक्षण संस्थेतील चाळीस विद्यार्थी त्यांनी निवडले. हे पुढे धर्मोपदेशक होणारे तरुण. त्यांना शेजारच्या इमारतीत जाऊन छोटे भाषण करावयाचे होते. काहींना विषय दिला होता बायबलमधील भल्या शोमरोन्याची कथा. लुटारूंनी मारहाण करून रस्त्यात टाकलेल्या वाटसरूला पाहून धर्माधिकारी बाजूने निघून जातात आणि एक परका माणूस थांबून त्याची शुश्रूषा करतो, अशी ती कथा. निघताना काही विद्यार्थ्यांना सांगितले की भरपूर वेळ आहे, काहींना सांगितले की आता निघा, आणि काहींना सांगितले की तुम्हांला उशीर झाला आहे, धावत जा. वाटेत एका दारापाशी एक माणूस खोकत, कण्हत, मान खाली घालून बसविलेला होता. ज्यांना वेळ होता त्यांपैकी ६३ टक्के विद्यार्थी थांबले. मधल्या गटातले ४५ टक्के थांबले. ज्यांना उशीर झाला होता त्यांपैकी फक्त १० टक्के थांबले. भाषणाचा विषय कोणता होता याने लक्षणीय फरक पडला नाही. परोपकाराच्या कथेवर बोलण्यास निघालेले काहीजण तर त्या कण्हणाऱ्या माणसाला अक्षरशः ओलांडून गेले.

हे तरुण वाईट होते काय? मुळीच नाही. त्यांना नीती शिकवावयाची राहिली होती काय? तीच तर त्यांची विद्या होती. म्हणजे नीतीची वचने पाठ असणे, किंबहुना त्यांवर व्याख्यान देता येणे (आणि हे मी व्यासपीठावरून म्हणतो आहे), ही एक गोष्ट. आणि वाटेत बसलेला माणूस दिसणे ही दुसरी. या दोहोंच्या मध्ये केवळ काही मिनिटांची घाई आड आली.

आता कोणी म्हणेल, साहेब, एकीकडे तुम्ही घाई नको म्हणता आणि दुसरीकडे शासन मुदती घालून देते. खरे आहे. शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदल्या आणि कर्तव्यपालनातील विलंब यांविषयीचा आपल्या राज्याचा २००५ चा अधिनियम सांगतो की कोणतीही नस्ती कोणत्याही कर्मचाऱ्याकडे सर्वसाधारणपणे सात कामकाजाच्या दिवसांहून अधिक प्रलंबित राहू नये. महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ अन्वये अधिसूचित सेवा ठरलेल्या मुदतीत मिळणे हा नागरिकाचा हक्क झाला आहे, आणि ती नाकारावयाची तर कारणे लेखी द्यावी लागतात. “सरकारी काम आणि सहा महिने थांब” ही म्हण जेथे जन्मली तेथे हे कायदे हवेच होते. परंतु मुदत म्हणजे घाई नव्हे. बारकाईने पाहिले तर कार्यालयातील बहुतेक घाई ही विलंबाची लेक असते. नस्ती सहा दिवस पडून राहते आणि सातव्या दिवशी शेवटच्या अर्ध्या तासात तिच्यावर शेरा पडतो. कागदोपत्री मुदत पाळली गेली. पण त्या बाईच्या अर्जाला मिळाला तो अर्धा मिनिट. आलस्य आणि त्वरा हे दोन दोष अशोकाने एकाच यादीत घातले आहेत. वरवर पाहता ते एकमेकांच्या उलट दिसतात. पण एकाच नस्तीवर ते एकापाठोपाठ एक कसे येतात, हे नस्ती हाताळणाऱ्यांना सांगावयास नको.

थकव्याचेही तसेच आहे. थकवा हा कोणी दोष मानीत नाही. मानला तर सद्गुणच मानतो, कारण थकलेला माणूस म्हणजे राबलेला माणूस. पण थकलेल्या मनाचा एक धर्म असतो. जे आहे ते तसेच राहू द्यावे, नव्याने विचार करावा लागू नये, याकडे ते कलते. आणि अर्जाच्या बाबतीत “जे आहे ते तसेच” याचा अर्थ बहुधा नकार असा होतो. २०११ साली इस्रायलमधील पॅरोल मंडळांच्या हजाराहून अधिक निर्णयांचा एक अभ्यास प्रसिद्ध झाला. सत्राच्या आरंभी सुमारे ६५ टक्के अर्जांवर कैद्याला अनुकूल निर्णय होत. सत्र लांबत जाई तसे हे प्रमाण घसरत शून्याजवळ येई आणि विश्रांती व खाणे झाल्यावर पुन्हा वर जाई. या निष्कर्षावर पुढे अभ्यासकांनी आक्षेप घेतले. वकील नसलेल्या कैद्यांची प्रकरणे सत्राच्या शेवटी येत असल्याने आकडे तसे दिसतात, असे त्यांचे म्हणणे. तो वाद आपण त्यांच्यावर सोपवू. परंतु आक्षेप खरा मानला तरी आपल्या कामाचा बोध त्यातूनही निघतोच : ज्याची बाजू मांडणारे कोणी नाही त्याचे प्रकरण दिवसाच्या शेवटी ढकलले जाते. आपल्या कार्यालयांतही सकाळच्या ताज्या वेळात कोण भेटून जातो आणि सायंकाळपर्यंत ओट्यावर कोण बसून राहतो, हे पाहण्यास इस्रायलला जाण्याची गरज नाही.

मग करावे काय? “रात्र थोडी, सोंगे फार” ही तालुक्याच्या अधिकाऱ्याची स्थिती मला परिचित आहे. पदे रिक्त असतात, एका ग्रामपंचायत अधिकाऱ्याकडे दोन-तीन गावे असतात. रिक्त पदांचा प्रश्न नीतीने सुटणार नाही. तो पदे भरूनच सुटेल, आणि ज्यांच्या हाती ते आहे त्यांच्यापर्यंत ही गोष्ट गेली पाहिजे. पण काही गोष्टी आपल्या हातात आहेत. नकाराचे शेरे दिवसाच्या शेवटी लिहू नयेत, ते दुसऱ्या दिवशी सकाळी लिहावेत. मंजुरीला घाई झाली तरी फारसे बिघडत नाही; बिघडते ते नकाराच्या घाईत.

शीघ्रकोपाबद्दल येथील गुरुजनांना दोन शब्द सांगतो. शिक्षण हक्क अधिनियम, २००९ च्या सतराव्या कलमाने विद्यार्थ्याला शारीरिक शिक्षा करणे व त्याचा मानसिक छळ करणे यांस मनाई केली आहे. छडी बहुतेक ठिकाणी गेली. परंतु रागाच्या भरात साऱ्या वर्गासमोर बोललेले एक वाक्य छडीहून अधिक वर्षे टिकते. राग ही शिस्त नव्हे हे शिक्षकाला कळते. ज्या क्षणी ते कळावयास हवे त्या क्षणी मात्र ते आठवत नाही. आणि येथेच अशोकाच्या यादीतला सर्वांत कुतूहल वाढविणारा शब्द उपयोगी पडतो : अनावृत्ती. या शब्दाचे विद्वानांनी निरनिराळे अर्थ लावले आहेत. आवृत्तीचा, म्हणजे सरावाचा अभाव, हा त्यांतला मला पटलेला अर्थ.

न्यायाने वागण्याचा सराव नसणे हा दोष आहे, ही कल्पना आपल्याला नवखी वाटते. आपण समजतो की चांगुलपणा असतो किंवा नसतो. ग्रीक तत्त्ववेत्ता ॲरिस्टॉटल याने नेमका याच समजुतीला छेद दिला. अशोकाच्या आधी साधारण अर्धशतक तो होऊन गेला. वाद्य वाजवून वाजवूनच माणूस वादक होतो, घरे बांधून बांधूनच गवंडी होतो, तसा न्याय्य कृती करून करूनच न्यायी होतो, असे त्याचे प्रतिपादन. आणि तत्त्वज्ञानात मान्यता पावलेला “व्यवहारप्रज्ञा” हा विचार त्याचाच. भूमिती तरुणाला येऊ शकते, पण व्यवहारप्रज्ञा येत नाही, कारण ती विशिष्ट प्रसंगांच्या अनुभवातून येते, असे तो म्हणे. नुकतेच सेवेत आलेले मित्र माझ्यावर रागावतील, पण सरावाला वर्षे लागतात हे खरे. मात्र नुसती वर्षे गेली म्हणजे सराव झाला असे नव्हे. पंचवीस वर्षे “कागदपत्रे अपूर्ण” असे लिहिणाऱ्याचा सराव त्या दोन शब्दांचाच होतो.

आपल्या राज्यघटनेच्या शिल्पकारांनाही सरावाचे हे तत्त्व ठाऊक होते. ४ नोव्हेंबर १९४८ रोजी घटनेचा मसुदा संविधान सभेपुढे मांडताना डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी सांविधानिक नीतीचा विषय काढला. ही भावना निसर्गतः येत नाही, ती प्रयत्नपूर्वक जोपासावी लागते, असे ते म्हणाले. त्याच भाषणात त्यांनी आणखी एक गोष्ट बजावली, तिचा उच्चार अधिकाऱ्यांच्या सभेत फारसा होत नाही. घटनेचे स्वरूप जसेच्या तसे ठेवूनही केवळ प्रशासनाची रीत बदलून घटनेचा विपर्यास करता येतो, ही ती गोष्ट. घटना दिल्लीत लिहिली गेली. ती पाळली जाते किंवा मोडली जाते ती तहसीलच्या खिडकीशी आणि ग्रामपंचायतीच्या ओट्यावर.

नियम आणि विवेक यांचे नाते हा यातला खरा कठीण भाग आहे. महाभारताच्या कर्णपर्वात कौशिक नावाच्या तपस्व्याची कथा येते. सदैव खरे बोलण्याचे त्याचे व्रत. लुटारूंच्या भीतीने काही माणसे रानात लपली. लुटारूंनी विचारताच कौशिकाने त्यांची वाट खरीखरी दाखविली, आणि ती माणसे मारली गेली. कृष्ण ही कथा अर्जुनाला सांगतो ती कौशिकाची स्तुती करण्यासाठी नव्हे. कौशिक नरकात गेला असे तो सांगतो. लोकमान्य टिळकांनी मंडालेच्या तुरुंगात लिहिलेल्या गीतारहस्यातील “कर्मजिज्ञासा” या प्रकरणात कर्तव्याकर्तव्याच्या अशाच पेचांची चर्चा केली आहे. ॲरिस्टॉटलचा दृष्टान्त अधिक घरगुती आहे. लेस्बॉस बेटावरचे बांधकाम करणारे शिशाची पट्टी वापरीत. ती लवचिक असल्यामुळे ओबडधोबड दगडाच्या आकाराप्रमाणे वाकत असे. कायदा सर्वसामान्य गोष्टींसाठी केलेला असतो. प्रसंग वेगळा आला की त्या पट्टीसारखे दगडाकडे पाहून मोजावे लागते, असे तो म्हणतो.

हा दृष्टान्त सांगताना मला थोडी भीतीही वाटते. कारण “नियम वाकवणे” या शब्दांना आपल्याकडे निराळाच वास आहे. पट्टी दगडासाठी वाकली की दगडाच्या मालकासाठी, हे कसे ओळखावे? जर्मन तत्त्ववेत्ता इमॅन्युएल कान्ट याने १७९५ साली लिहिलेल्या शाश्वत शांततेवरील निबंधात यासाठी एक कसोटी दिली आहे. दुसऱ्याच्या हक्काशी संबंधित अशी कृती ज्या तत्त्वावर केली, ते तत्त्व जाहीर करता येत नसेल तर ती कृती अन्याय्य होय. कान्टचे ग्रंथ वाचताना भल्याभल्यांना घाम फुटतो. पण ही कसोटी ग्रामसभेला जशीच्या तशी लावता येते. या कुटुंबाला घरकुल का, आणि त्या कुटुंबाला का नाही, याचे जे खरे कारण तुमच्या मनात आहे, ते ध्वनिक्षेपकावरून मोठ्याने सांगता येईल काय? येत असेल तर पट्टी दगडासाठी वाकली. माहितीचा अधिकार अधिनियम, २००५ हाच विचार कायद्याच्या भाषेत सांगतो. त्याच्या चौथ्या कलमात सार्वजनिक प्राधिकरणावर एक कर्तव्य टाकले आहे : आपल्या प्रशासकीय निर्णयांची कारणे त्या निर्णयाने बाधित होणाऱ्या व्यक्तींना द्यावीत. त्यासाठी कोणी अर्ज करावा, दहा रुपये भरावेत, अशी त्यात अट नाही. माहितीचा अधिकार म्हटले की आपल्याला अर्जदार आणि अपिले आठवतात. हे कलम मात्र अर्ज येण्यापूर्वीचे आहे.

कारण लिहिणे हे नुसते नागरिकाच्या सोयीचे नाही. ते लिहिणाऱ्याचेही औषध आहे. “कागदपत्रे अपूर्ण” या शब्दांच्या जागी “पतीच्या मृत्यूचा दाखला जोडलेला नाही, तो ग्रामपंचायतीच्या जन्ममृत्यू नोंदवहीतून मिळेल” असे लिहावयाचे तर अर्ज वाचावा लागतो. वाचता वाचता कदाचित तो दाखला मागल्या पानाला टाचलेला सापडतो! घाईला एवढा अडसर पुरेसा असतो. रागावलेल्या माणसालाही कारण लिहिताना हात आवरावा लागतो. ईर्ष्येचे तर असे आहे की तिचे कारण लिहिताच येत नाही.

आपल्या राज्याचाही अशोकाच्या लेखांशी थेट संबंध आहे. आजच्या पालघर जिल्ह्यातील सोपारा हे प्राचीन बंदर. तेथे अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा पंडित भगवानलाल इंद्रजी यांना १८८२ मध्ये मिळाला, आणि नवव्या लेखाचा तुकडा १९५६ मध्ये जवळच्या भुईगावात मिळाला. हा नववा लेख मंगलकार्यांविषयी आहे. आजारपण, लग्न, मुलाचा जन्म, प्रवास अशा प्रसंगी लोक नाना विधी करतात. ते करावेत, पण त्यांचे फळ थोडे, असे सांगून अशोक ज्याचे फळ मोठे त्या आचरणाची यादी देतो. त्या यादीत पहिले काय आहे? दास आणि नोकर यांच्याशी योग्य वर्तन. गुरुजनांचा आदर, प्राण्यांविषयी संयम, दान हे सारे त्याच्या नंतर. सत्कार, हार, शाल-श्रीफळ यांत ज्यांचा दिवस जातो अशा आपणा सर्वांना कार्यालयातील शिपाई आणि शाळेतील मदतनीस यांच्याशी आपण कसे बोलतो हे पाहावयास लावणारा असा हा लेख, आपल्याच कोकणपट्टीत मिळालेला आहे.

धौलीच्या परिपत्रकाच्या शेवटी अंमलबजावणीचा भाग आहे, आणि तो प्रशासकाच्या डोळ्यांनी वाचावा. हा लेख तिष्य म्हणजे पुष्य नक्षत्राच्या दिवशी वाचून दाखवावा. मधल्या काळातही प्रसंगाप्रसंगाने तो ऐकवावा, ऐकणारा एकटा असला तरी ऐकवावा. शिवाय दर पाच वर्षांनी कठोर नाही, तापट नाही असा अधिकारी दौऱ्यावर पाठविला जाईल, आणि सांगितले तसे चालले आहे की नाही हे तो पाहील. उज्जयिनी आणि तक्षशिला येथून हे दौरे तीन वर्षांच्या आतच निघतील. तपासणी अधिकारी तापट नसावा ही अट त्यात स्वतंत्रपणे घातली आहे, हे मी वरिष्ठांच्या निदर्शनास नम्रपणे आणू इच्छितो.

आपल्या तालुक्यात दरमहा बैठक होते. तीत प्रलंबित प्रकरणांची संख्या वाचली जाते, टक्केवारी वाचली जाते, आणि चहा होतो. माझी सूचना इतकीच की त्या महिन्यात नाकारलेल्या प्रकरणांपैकी कोणतीही तीन काढावीत आणि त्यांवरचे शेरे, अधिकाऱ्याचे नाव न घेता, सभेत मोठ्याने वाचावेत. ग्रामसभेत वगळलेल्या नावांबाबतही तसेच करावे, आणि शिक्षकांनी आपल्या प्रगतिपुस्तकांतील शेऱ्यांबाबत केले तरी हरकत नाही. याला निधी लागत नाही, मंजुरी लागत नाही. पंधरा मिनिटे लागतात.

प्रश्नांसाठी अर्धा तास राखून ठेवलेला आहे आणि पुढच्या सत्राचे वक्ते अद्याप वाटेत आहेत, तेव्हा घाई नाही. मागील रांगेतील सदस्य भगिनींनी घरकुलाच्या यादीचा उल्लेख आला तेव्हाच हात वर केला होता. त्यांच्यापासून सुरुवात करू.